दडीला घातलेली साद

पोपटला त्याच्या खऱ्या नावानं हाक मारायची ती एकटी त्याची आई, आणि तीसुद्धा रागावली तरच. बाकी शाळेपासून तो सगळ्यांचा पोपटच. वर्गात न आलेल्या मित्रांची हजेरी तो ज्याच्या-त्याच्या आवाजात देत असे. एकदा उत्साहाच्या भरात त्यानं शाळा सोडून गेलेल्या मुलाचीही हजेरी देऊन टाकली, तेव्हा मास्तरांनी कपाळाला हात लावला आणि हे नाव ठेवलं. नाव चिकटलं ते चिकटलंच. पुढे कार्यक्रमांच्या जाहिरातींवरही तेच छापलं जायला लागलं.

वडील घड्याळजी. दिवसभर डोळ्याला भिंग लावून बसणारा, मितभाषी माणूस. मुलाचे हे चाळे त्यांना बिलकूल पसंत नव्हते. पण भिंतीवरचं जुनं घड्याळ ठोके द्यायच्या आधी जसं घशात खाकरतं, तो आवाज पोपटनं एकदा जेवताना काढला, आणि वडील हातातला घास टाकून घड्याळाकडे बघायला उठले. परत येऊन बसले तेव्हा हसू दाबता दाबता त्यांना ठसका लागला होता. "कर बाबा काय करायचं ते," म्हणाले. "पण गिऱ्हाइकांसमोर नको."

मग पोपटनं रंगमंच धरला. एकपात्री कार्यक्रम. भिंतीपलीकडे भांडणारे नवरा-बायको, थंडीत सुरू न होणारी मोटार, स्थानकावरची घोषणा करणारी बाई, पहिल्यांदा रडणारं बाळ, सगळं एकट्याच्या गळ्यात. तो एका आवाजातून दुसऱ्यात असा जाई, की लोक हसता हसता मागे वळून बघत. कपडेपट सांभाळणाऱ्या मुलीशी त्याचं जमलं ते तिथंच, विंगेत, तुटलेलं बटण लावता लावता. लग्नाआधी तिनं एकच अट घातली. "माझा आवाज काढायचा नाही." ती अट त्यानं आजवर पाळली होती, निदान ती घरात असताना तरी.

सगळं सुरळीत चाललं होतं आणि एका प्रयोगानंतर रंगपटात बाई आल्या.

बाई म्हणजे माहितीपट करणाऱ्या. बुटांना चिखल, खांद्याला पिशवी, केसांत गवताची काडी. ओळख नाही, पाळख नाही, उभ्या उभ्याच त्यांनी विचारलं, "तुम्हाला बेडूक येतो?"

"कुठला?" पोपट तोंडावरचा रंग पुसत म्हणाला. "लहान, मोठा, की आमचे सासरे?"

बाई हसल्या नाहीत. त्यांनी एका तळ्यावर चित्रपट केला होता. कारखान्याचं पाणी सोडून सोडून ते तळं मरायला टेकलं होतं. चित्रण उत्तम झालं होतं, पण बेडकांच्या आवाजाच्या टेपा पाण्यात पडल्या होत्या आणि हंगाम सरल्यामुळे बेडूक आता वर्षभर तोंड उघडणार नव्हते. पोपटनं सगळं तळं एकट्यानं भरून दिलं. एकावर एक आवाज चढवत गेला, जवळचे, लांबचे, उगाच मध्ये बोलणारे. पडद्यावर बघताना कुणाला शंकासुद्धा आली नाही. तेव्हा त्यात कुणाला काही वावगंही वाटलं नाही.

पोपटला मात्र चित्रपट दाखवला त्या अंधाऱ्या खोलीत एक नवीनच गोष्ट घडल्यासारखं वाटलं. त्यानं आवाज काढला होता आणि कुणी हसलं नव्हतं. समोरचे लोक त्याच्याकडे नाही, तळ्याकडे बघत होते. असं आयुष्यात पहिल्यांदाच झालं होतं आणि ते त्याला आवडलं.

पुढच्या चित्रपटाला बाईंनी त्याच्याकडून निवेदनही करून घेतलं. मग नदीवरचा चित्रपट आला, मग शहराबाहेरच्या कचऱ्याच्या डोंगरावरचा, मग खाणीनं अर्धा खाल्लेल्या टेकडीवरचा. जागा बघितल्याशिवाय निवेदन वाचायचं नाही हा त्याचा हट्ट असे. त्यामुळे तो प्रत्येक चित्रणाला जायचा, चिखलात घसरायचा, डासांना शिव्या घालायचा. रंगमंचावरचे प्रयोग कमी कमी होत गेले. वर्षं कशी गेली कळलं नाही, आणि हळूहळू लोक त्याचा तो शांत, किंचित खर्जातला आवाज ओळखायला लागले. हा माणूस खोटं बोलणार नाही, असं लोकांना तो आवाज ऐकून वाटे. जन्मभर दुसऱ्यांचे आवाज काढून जगलेल्या माणसावर लोकांनी असा विश्वास टाकावा याचं बायकोला फार हसू यायचं.

मग बाईंनी दडीचा विषय काढला.

दडी म्हणजे दलदलीतला पक्षी. मुठीएवढा, मातकट रंगाचा, लाल डोळ्यांचा. लव्हाळ्यातून बाहेर म्हणून यायचा नाही, सदा दडी मारून बसलेला, म्हणून आसपासच्या लोकांनी त्याचं नावच दडी ठेवलेलं. शहराच्या कडेला असलेल्या त्या दलदलीत पूर्वी दड्या खूप होत्या. आता एक मादी उरली होती. नर कित्येक वर्षांत कुणाच्या दृष्टीला पडला नव्हता. हे सगळं सांगितलं डॉक्टरांनी. हे डॉक्टर पक्ष्यांचा अभ्यास करणारे, पण लोक ऐकतात थोडेच? भेटेल तो त्यांना आपली गुडघेदुखी सांगायचा.

दलदलीवर भराव घालून तिथं इमारती उठवायचं ठरलं होतं. डंपर येऊन उभे राहिले होते. "लोकांना त्या पक्ष्याचा चेहरा दिसला पाहिजे," बाई म्हणाल्या. "नुसतं लव्हाळं बघून कुणाचं काळीज हलत नाही."

पण दडी काही चेहरा दाखवेना. डॉक्टरांकडे नराच्या हाकेचं जुनं रेकॉर्डिंग होतं, खरखरीत आणि पुसट. ते वाजवून पाहिलं, लव्हाळं ढिम्म. मग सगळ्यांनी पोपटकडे पाहिलं.

ती हाक सोपी नव्हती. ओल्या बोटानं काचेच्या पेल्याची कड घासावी तसा वर चढत जाणारा सूर, आणि शेवटी टाळूवर जीभ आपटल्यासारखे दोन ठोके. पोपट आठवडाभर घरात तेच करत होता. बायको शिवणयंत्रावर लपणाचं कापड शिवत होती. लपण म्हणजे पक्ष्याला माणूस दिसू नये म्हणून उभारलेला छोटा तंबू. शिवता शिवता ती म्हणाली, "सूर बरोबर आहे हो, पण तुम्ही तिला बोलावत नाही आहात. तिच्यावर छाप पाडताय."

लपणात बसून तिसऱ्या सकाळी त्यानं छाप पाडायचं सोडून दिलं. धुकं होतं, गुडघे आखडले होते, हाताच्या ओंजळीत तोंड धरून त्यानं साधी, कुणाला तरी शोधणारी हाक घातली. आणि लव्हाळ्यातून उत्तर आलं. फक्त दोन ठोके. ठक, ठक.

पोपटच्या अंगावर सर्रकन काटा आला. टाळ्यांनी असं कधी झालं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी ती बाहेर आली. लाल डोळा, मान वाकडी, एक पाय उचललेला. कॅमेरामनचं नाव मौनी, कारण तो बोलायचाच नाही. त्यानं श्वास रोखून चित्रण केलं. मग ती रोज यायला लागली. पोपट साद घाली, ती ठोके देई, जवळ येई. बाईंचा आनंद गगनात मावेना. आणि एका सकाळी दडी आली ती चोचीत लव्हाळ्याची काडी धरून. लपणासमोरच्या उंचवट्यावर तिनं ती काडी ठेवली, पुन्हा आत गेली आणि दुसरी घेऊन आली.

पोपट गप्प झाला.

ती थांबली. ठोके दिले. वाट पाहिली. पुन्हा दिले. पोपटनं ओंजळ मांडीवर ठेवली ती उचललीच नाही. ऊन वर येईपर्यंत ती ठोके देत राहिली, आणि तो जीभ दातांखाली धरून बसला.

बाहेर आल्यावर बाईंनी विचारलं, "घसा बसला का?"

"नाही. ती घर बांधतेय, बाई."

"तेच तर हवंय!"

"कुणाबरोबर बांधतेय?"

बाईंनी डंपरांकडे बोट दाखवलं. मग म्हणाल्या, "पोपटराव, हे चित्रण झालं नाही तर इथं भराव पडेल. मग ती काड्या कुठं ठेवेल, सांगा? डंपरच्या चाकावर?"

"तुमचं खरं आहे."

"मग?"

"खरं आहे, पण माझ्याच्यानं होणार नाही. आयुष्यभर मी लोकांना फसवलं, पण त्यांनी तिकीट काढलेलं असायचं. त्यांना माहीत असायचं."

डॉक्टरांनी दोघांकडे पाहिलं आणि चष्मा पुसायला घेतला. एकमेकांशी न बोलता सगळे परतले. एवढ्या वर्षांत असं कधी झालं नव्हतं.

महिन्याभरानं निवेदनाच्या वेळी पुन्हा ठिणगी पडली. काचेमागे बाई, मौनी आणि यंत्रावर बसलेला ध्वनिमुद्रक. पोपट वाचत वाचत एका वाक्यापाशी आला: 'आणि अखेर दडीला तिचा जोडीदार सापडला.' त्यानं कानावरचे हेडफोन काढून ठेवले.

"हे मी म्हणणार नाही."

"का?" काचेमागून बाईंचा आवाज. "इतकी वर्षं बेडूक चालले की!"

"बेडूक तळ्यात होते, बाई. टेप भिजली होती एवढंच. इथं नर नाहीच."

बाईंनी हातातली पेन्सिल टेबलावर आपटली. आणि मग, सगळ्यांनी चमकून बघावं असा प्रकार घडला, मौनी बोलला.

"माझ्याकडे एक शॉट आहे."

त्यानं तो लावला. पोपटही काचेबाहेर येऊन बघायला लागला. लपणाच्या आतून घेतलेला. एका बाजूला पोपटचा चेहरा, ओंजळीत तोंड, मानेच्या शिरा फुगलेल्या, डोळे मिटलेले. आणि कापडाच्या भोकातून पलीकडे धुक्यात चोचीत काडी धरलेली दडी. दोघं एकाच चौकटीत. पोपटनं हाक घातली, तिनं मान वळवली.

"हे कधी घेतलंस?" बाईंनी विचारलं.

"कॅमेरा चालूच होता."

बाईंनी तो शॉट पुन्हा पाहिला. पुन्हा पाहिला. मग निवेदनाचा तो कागद त्यांनी फाडून टाकला आणि पोपटला म्हणाल्या, "जा आत. जे खरं आहे ते सांगा."

पोपट आत गेला. काही लिहिलेलं नव्हतं. तो म्हणाला, "हा नर नाही. हा मी आहे. नर इथं आता नाही, म्हणून तिला मी चालतोय."

तो चित्रपट लोकांनी डोक्यावर घेतला. पडद्यावर पोपटचा फुगलेला गळा दिसला की आधी लोक हसायचे, जुना विनोदी नट म्हणून. मग ते वाक्य यायचं आणि सभागृह चिडीचूप व्हायचं. शाळांतून, क्लबांतून, वर्तमानपत्रांतून ओरड झाली. हजारो लोकांनी सह्या केल्या आणि डंपर माघारी गेले. कायमचे की तेवढ्यापुरते, हे कुणी सांगेना, पण गेले. बाईंनी त्या दिवशी पोपटला फोन केला आणि काहीच न बोलता नुसत्या रडल्या.

मग सत्कार सुरू झाले. जिथं जाई तिथं एकच फर्माईश: "ती हाक होऊन जाऊ दे!" पोपट ओंजळ करी, डोळे मिटी. हाक संपल्यावर पडणारी शांतता आणि त्यानंतरचा टाळ्यांचा कडकडाट. खोटं कशाला बोला, त्याला ते हवंहवंसं वाटायला लागलं होतं. एका कार्यक्रमाहून परतताना बायको म्हणाली, "आज जरा लांबवलीत." त्याला कळलं. दलदलीत त्यानं इतकी लांब हाक कधीच घातली नव्हती.

पुढच्या हंगामात डॉक्टरांचा फोन आला. "एकदा येऊन जा," एवढंच म्हणाले.

पोपट बायकोला घेऊन गेला. दलदलीच्या कडेनं आता पायवाट पडली होती. वाटेवर सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींचा एक घोळका होता. टोप्या, दुर्बिणी, थर्मासमधला चहा. चांगली माणसं. भरावाविरुद्ध सह्या गोळा करत दारोदार हिंडलेली. त्यांतल्या एका निवृत्त दंतवैद्यांनी मोबाइल उंच धरला होता, आणि त्या मोबाइलमधून पोपट हाक घालत होता. चित्रपटातली हाक.

दडी बाहेर आली. पिसं विस्कटलेली, आधीपेक्षा बारीक. तुरुतुरु धावत ती मोबाइलच्या दिशेनं आली, थांबली, ठोके दिले. तेवढ्यात पलीकडच्या काठावर दुसऱ्या कुणीतरी तीच हाक वाजवली. ती वळली आणि तिकडे धावली. मग इकडून पुन्हा. दोन्ही काठांवरून तिला तोच नर बोलावत होता आणि ती मध्ये नुसती ये-जा करत होती.

"सकाळपासून संध्याकाळपर्यंत हेच," डॉक्टर हळूच म्हणाले. "खायला तिला वेळच मिळत नाही."

दंतवैद्यांनी पोपटला ओळखलं. "अरे, साक्षात तुम्हीच! या, या! आता मोबाइल कशाला? प्रत्यक्षच होऊन जाऊ दे!" सगळा घोळका भोवती जमला. कुणीतरी चहा पुढे केला. दहा-बारा हसरे, उत्सुक चेहरे.

समोर प्रेक्षक असताना पोपटनं आजवर कधी नाही म्हटलं नव्हतं. लग्नाच्या दिवशीसुद्धा तो दोन आवाज काढूनच जेवायला बसला होता. बायको त्याच्याकडे बघत होती.

"नको," तो म्हणाला.

लोकांना ती गंमत वाटली. "अहो, लाजता काय!"

"लाजत नाही. ती माझ्या हाकेवर येते आणि इथं कुणी नसतं. मागच्या वर्षी मी तिला एवढं फसवलं तेवढं पुष्कळ झालं."

दंतवैद्यांचा हात हळूहळू खाली आला. त्यांनी मोबाइल बंद केला आणि खिशात ठेवला. मग म्हणाले, "आम्हाला वाटलं, तिला बरं वाटत असेल. कुणीतरी हाक मारतंय म्हणून."

"मलाही तसंच वाटलं होतं," पोपट म्हणाला.

दंतवैद्य स्वतःच पलीकडच्या काठावरच्या लोकांना सांगायला गेले, चिखलातून, बुटांची पर्वा न करता.

घरी न जाता पोपट थेट बाईंकडे गेला. बाई कामाच्या खोलीत पडद्यासमोर बसल्या होत्या. त्यानं सगळं सांगितलं आणि म्हणाला, "चित्रपटातून माझी हाक काढून टाका."

बाई खुर्चीतच वळल्या. "वेड लागलंय का तुम्हाला? ती हाक काढली तर उरलं काय?"

"तुमचं चित्रण. माझा चेहरा."

"चेहऱ्यासाठी तुम्हाला कधी कुणी घेतलंय का?"

दोघंही हसले. फार दिवसांनी. मग बाई गंभीर झाल्या. "पोपटराव, तुमच्या त्या हाकेनं डंपर परत गेले."

"गेले ना? मग हाकेचं काम झालं. आता ती हाकच तिच्या मुळावर आलीय."

"आणि लोकांच्या मोबाइलमध्ये आहे तिचं काय? ती कशी परत घेणार?"

"ती नाही घेता येणार. पण शाळाशाळांतून तुम्ही अजून दाखवणार आहात. गळका नळ तरी बंद करू."

बाईंनी तेव्हा हो म्हटलं नाही. तुमच्या आयुष्यातलं सगळ्यात चांगलं काम आहे ते, असं दोनदा म्हणाल्या. पोपट म्हणाला, "माहीत आहे मला." ते खरंच होतं. इतकी वर्षं इतके आवाज काढले, पण कुणी खरोखर उत्तर दिलेला आवाज तो एकच.

बाई मग एकट्याच दलदलीवर जाऊन आल्या. काय पाहिलं ते त्यांनी सांगितलं नाही. पण आठवड्याच्या आत मौनीनं हाक काढून टाकली. त्यानं वारा ठेवला, लव्हाळ्याची सळसळ ठेवली, दडीचे ठोके ठेवले. फक्त पोपट काढला.

बदललेला चित्रपट पहिल्यांदा दाखवला तो एका कॉलेजच्या सभागृहात. पोपट आणि बायको शेवटच्या रांगेत बसले होते. तो शॉट आला. पडद्यावर पोपटनं ओंजळ केली, मान ताणली, शिरा फुगल्या, आणि काहीच ऐकू आलं नाही. लगेच पोरं ओरडायला लागली, "आवाज! आवाज!" कुणी शिटी मारली. यंत्र चालवणारा बिचारा धावपळ करत वायरी हलवायला लागला. तेवढ्यात नवं निवेदन सुरू झालं, पोपटच्याच शांत, खर्जातल्या आवाजात:

"ही हाक आम्ही तुम्हाला ऐकवत नाही. ती तुमच्यासाठी नव्हती."

शिट्ट्या थांबल्या. नुसता वारा वाहत राहिला. आणि मग लव्हाळ्यातून दोन ठोके आले.

पुढे बसलेल्या एका मुलीनं शेजारणीचा हात धरलेला पोपटला दिसला. बायकोनं मात्र त्याचा हात धरला नाही. ती पर्समध्ये रुमाल शोधत होती.

त्यानंतर पोपटनं ती हाक पुन्हा घातली नाही. सत्कारात कुणी आग्रह केला तर तो थंडीत सुरू न होणारी मोटार काढून दाखवी, आणि लोक पोट धरधरून हसत. काही जण नाराज होत. "तेवढं एक सोडून सगळं करता," म्हणत. तो मान डोलावी.

डॉक्टरांचा मधूनमधून फोन येतो. पायवाटेच्या तोंडाशी आता सूचनेची फळी लावली आहे, आणि आवाज वाजवू नका म्हणून दंतवैद्य स्वतः तिथं उभे राहून सांगतात, कधी कधी जरा जास्तच रागावून. दडी काही दिसत नाही. ती दलदलीच्या पार पलीकडे, जिथं माणसाला जाता येत नाही, तिकडे गेली असावी. वारा पडला की तिकडून ठोके येतात, असं डॉक्टर म्हणतात. एकदा म्हणाले, "परवा मला वेगळाच सूर ऐकू आल्यासारखा वाटला. पण माझे कान काही तुमच्यासारखे नाहीत. येऊन ऐकता का?"

पोपटनं क्षणभर विचार केला. बाई नव्या चित्रपटाच्या जागा बघायला निघाल्या होत्या आणि त्यांच्याबरोबर त्याला जायचं होतं. पण कारण ते नव्हतं.

"नको," तो म्हणाला. "तिचं तिला ऐकू द्या."